क्रीतानुशय आणि वस्त्राचें मूल्य

सोलापुरांतून चादरी उधारीवर जातात. पुढें पैसे मागतांच ‘रंग उतरला’ अशी तक्रार येते. ग्राहकाच्या अशा पश्चात्तापास धर्मशास्त्रकार ‘क्रीतानुशय’ म्हणतात. मालाच्या परीक्षेस याज्ञवल्क्यानें बीजांकरितां १० दिवस, लोखंडाकरितां १ व दुभत्या जनावराकरितां ३ अशी मुदत सांगितली आहे. नारदाच्या मतें वस्त्र एकदां धुतल्यास मूल्याचा आठवा, दोनदां चौथा, तीनदां तिसरा व चारदां धुतल्यास अर्धा भाग घटतो. १९३० चा मालविक्रीचा कायदाहि मुदतीसच महत्त्व देतो. नापसंती न कळवितां वाजवी काळ माल ठेविल्यास तो स्वीकारला असें ठरतें. मग तो परत करितां येत नाहीं. तथापि दोष सिद्ध झाल्यास त्या मानानें किंमत कमी होते. म्हणून विणकरानें नमुना जपावा, व्यापाऱ्यानें दोष तत्काळ लेखी कळवावा. एरव्हीं एकाची मजुरी बुडते व दुसऱ्याची पत.