पायांवरचा रेझर

पायांवर रेझर फिरवल्यावर येणारी आग आणि लालसर पुरळ यांचं मूळ बहुतेक वेळा घाईत असतं. अंघोळीला जाताच कोरड्या पायावर ब्लेड ओढलं की केसांबरोबर त्वचेचा वरचा थरही खरवडला जातो. त्यामुळे हे काम अंघोळीच्या शेवटी ठेवावं. कोमट पाण्यात केस भिजून मऊ होतात आणि सहज कापले जातात. साबणाने त्वचा कोरडी पडते, शेव्हिंग जेल किंवा क्रीम बरं.

रेझर केसांच्या वाढीच्या दिशेने, हलक्या हाताने फिरवावा आणि दर फेरीनंतर धुवावा. उलट दिशेने पाय गुळगुळीत होतो खरा, पण केस त्वचेच्या आत वळून फोड येण्याची शक्यता वाढते. गुडघा किंचित वाकवून घ्या. घोट्याच्या हाडावर तर सगळ्यांनाच कापतं! पाच ते सात वेळा वापरलं की ब्लेड बदला. रेझर ओल्या बाथरूममध्ये ठेवू नका आणि बहिणीबहिणींतही वाटून घेऊ नका. रक्तातून पसरणाऱ्या हिपॅटायटिस बीसारख्या आजारांचा धोका असतो.

नंतर सुगंधविरहित मॉइश्चरायझर पुरे. पुरळ उठलंच, तर ते बरं होईपर्यंत रेझर दूर ठेवा. पू झाला किंवा मधुमेह असताना कापलं, तर डॉक्टरांना दाखवा.

आणि हो, रेझरने केस दाट होत नाहीत. शरीररचनाशास्त्रज्ञ मिल्ड्रेड ट्रॉटर यांनी 1928 मध्येच हे तपासून सांगितलं होतं. कापलेलं टोक बोथट असल्याने केस फक्त राठ लागतात.