हुद्दा पर्यवेक्षकाचा, काम कामगाराचे : अतिकालिक वेतनाचा हक्क कोणाला?

नवी दिल्ली : पाळी संपल्यानंतरही काम सुरू राहिले, तर त्या जादा तासांचा मोबदला मागता येतो का? ‘तुमचा हुद्दा पर्यवेक्षकाचा आहे, तुम्हाला ओव्हरटाइम लागू नाही,’ असे उत्तर आस्थापनांकडून दिले जाते. कायदा मात्र असे सरसकट सांगत नाही.

नियम काय आहे?

देशात २१ नोव्हेंबर २०२५ रोजी चार कामगार संहिता लागू झाल्या. त्यांपैकी व्यावसायिक सुरक्षा, आरोग्य आणि कार्यस्थिती संहितेनुसार कामाचा दिवस आठ तासांचा आहे. त्यापुढील कामासाठी कामगाराची संमती आवश्यक असून मोबदला वेतनदराच्या दुप्पट द्यावा लागतो. जादा तासांची मोजणी दैनिक किंवा साप्ताहिक, यांपैकी कामगाराला अधिक लाभदायक ठरेल त्या पद्धतीने होते. दुप्पट दराचे तत्त्व जुनेच आहे. कारखाने अधिनियम, १९४८ च्या कलम ५९ मध्येही ते होते.

उदाहरणार्थ, यंत्रचालकाचे मासिक वेतन २०,८०० रुपये असेल, तर २६ दिवस आणि आठ तासांच्या हिशेबाने त्याचा तासाचा दर १०० रुपये होतो. जादा तासाला २०० रुपये मिळायला हवेत. रोज एक तास जादा काम केल्यास महिन्याची रक्कम ५,२०० रुपये होते.

कोणाला सूट?

या संहितेतील ‘कामगार’ या व्याख्येतून सैन्यदले, पोलीस व कारागृह कर्मचारी वगळले आहेत. मुख्यत्वे व्यवस्थापकीय किंवा प्रशासकीय काम करणारेही तिच्या बाहेर आहेत. पर्यवेक्षकांना मात्र त्यांचे वेतन दरमहा १८,००० रुपयांहून अधिक असेल तरच वगळले जाते. केंद्र व राज्य सरकारांच्या कार्यालयांना ही संहिता लागू नाही. तेथील कंत्राटी कामगारांना ती लागू आहे.

येथे एक गैरसमज दूर करायला हवा. १८,००० रुपयांची मर्यादा केवळ पर्यवेक्षकांसाठी आहे. कुशल, तांत्रिक किंवा कारकुनी काम करणाऱ्याचे वेतन ४०,००० रुपये असले, तरी तो ‘कामगार’च राहतो.

नाव की काम?

नियुक्तिपत्रावरील हुद्दा निर्णायक नसतो. औद्योगिक विवाद अधिनियमातील अशाच व्याख्येचा अर्थ लावताना सर्वोच्च न्यायालयाने १९८५ मध्ये अर्कल गोविंद राज राव विरुद्ध सिबा गायगी प्रकरणात, कर्मचाऱ्याचे मुख्य व प्रधान काम कोणते हे पाहावे, असे स्पष्ट केले. अधिकारी वर्गात गणला गेलेला तो कर्मचारी प्रत्यक्षात कारकुनी काम करत असल्याने कामगार ठरला. मात्र हाच निकष उलटही लागू होतो. एस. के. मैनी विरुद्ध कॅरोना साहू (१९९४) प्रकरणात दुकानाचा कारभार खरोखरच सांभाळणाऱ्या व्यवस्थापकाला कामगाराचा दर्जा मिळाला नाही.

सरकारलाही मर्यादा

करोनाकाळात गुजरात सरकारने अधिसूचना काढून कारखान्यांना १२ तासांचा दिवस आणि जादा तासांना दुपटीऐवजी साधा दर अशी मुभा दिली होती. सर्वोच्च न्यायालयाने १ ऑक्टोबर २०२० रोजी ती रद्द केली आणि पात्र कामगारांना दुप्पट दराने फरक देण्याचा आदेश दिला.

दावा कसा करावा?

वेतन संहितेनुसार थकीत रकमेसाठी तीन वर्षांच्या आत सक्षम प्राधिकाऱ्याकडे अर्ज करता येतो. कामगार संघटनेमार्फतही तो करता येतो. वेतन दिल्याचे सिद्ध करण्याची जबाबदारी मालकाची असते. तरीही हजेरीच्या नोंदी, वेतनचिठ्ठ्या आणि जादा काम सांगणारे संदेश जपून ठेवणे हिताचे ठरते. पर्यवेक्षक म्हणवल्या जाणाऱ्यांनी आपण प्रत्यक्ष रोज कोणते काम करतो, याचीही नोंद ठेवावी. वाद उद्भवल्यास निर्णय त्यावरच अवलंबून असतो.