मतपत्रिका दोन, फुली एकेकच

पहाटे पावणेपाच. डबे भरते आहे. मतदान सकाळी सातला सुरू होऊन रात्री दहाला संपतं आणि मधल्या पंधरा तासांत केंद्र सोडून बाहेर जायचं नाही. पोळी-भाजी, दहीभात, थर्मासभर चहा आणि रात्रीसाठी चिवडा. आज गुरुवार, २ मे २०२४. वेस्ट मिडलंड्सचा प्रादेशिक महापौर निवडायचा आहे आणि मी बर्मिंगहॅममधल्या एका केंद्रावर मतदान कर्मचारी आहे. माझं स्वतःचं मत टपालाने आधीच गेलं आहे.

सव्वासहा. चर्चला लागून असलेला हॉल. केंद्राध्यक्ष बाई, एक निवृत्त शिक्षिका, स्वतःच्या गाडीतून मतपेटी आणि मतपत्रिकांचे गठ्ठे उतरवतात. हे सगळं त्यांच्या घरीच ठेवलेलं होतं. माझी आई नाशिककडे शाळेत होती, तिने निवडणुकीच्या ड्यूट्या केल्या. साहित्य आदल्या दिवशी सह्या करून ताब्यात घ्यायचं, पोलीस बंदोबस्तात गावी पोचायचं, रात्र वर्गाच्या फरशीवर काढायची. इथे दारात पोलीस नाही, मतदान यंत्र नाही, बोटाला शाई नाही. आडोशाचे कप्पे उभे करायचे, प्रत्येकात दोऱ्याने पेन्सिल बांधायची, पाट्या लावायच्या. सातला काही मिनिटं असताना बाई रिकामी पेटी उघडून सगळ्यांना आतून दाखवतात आणि सील करतात.

सात. पहिली लाट कामावर निघालेल्यांची. रुग्णालयातून रात्रपाळी संपवून आलेली नर्स, बसचालक, शाळेतला सफाई कर्मचारी. गुरुवारी मतदान असतं आणि सुट्टी नसते, त्यामुळे सगळे घाईत. आधी फोटो ओळखपत्र बघायचं. इंग्लंडमध्ये हे २०२३ पासून सक्तीचं झालं. पासपोर्ट चालतो, भारताचासुद्धा. मुदत संपलेला असला तरी चालतो, चेहरा जुळला म्हणजे झालं. ज्येष्ठांचा बसपास चालतो, पण विद्यार्थ्याचं विद्यापीठाचं कार्ड चालत नाही. हा फरक मला पटत नाही. तरुण पोरांना दारातून परत पाठवताना जीव तुटतो. त्याच दिवशी ऑक्सफर्डशायरमध्ये माजी पंतप्रधान बोरिस जॉन्सन यांनाही ओळखपत्र नसल्यामुळे परतवलं गेलं, हे नंतर कळलं. २०२२चा तो कायदा त्यांच्याच सरकारने केला होता. केंद्रावरच्या कर्मचाऱ्यांनी नियम सोडला नाही, याचा मला अभिमान वाटतो.

आठ-नऊच्या सुमारास कामाची लय बसते. मतदाराचा यादीतला क्रमांक आणि नाव मोठ्याने म्हणायचं, यादीत रेघ मारायची, मतपत्रिका द्यायची. नाव मोठ्याने म्हणणं हा इथला नियमच आहे आणि मला तो फार आवडतो. आमच्या यादीत पंजाबी, मीरपुरी, बंगाली, सोमाली, पोलिश, आयरिश नावं एकाखाली एक आहेत. ज्याचं नाव आयुष्यभर दवाखान्यात आणि बँकेत अडखळत घेतलं गेलं, त्याने ते इथे सरळ, नीट ऐकावं म्हणून मी अवघड वाटेल ते नाव मनात आधी म्हणून बघते.

एक गृहस्थ टेबलाशी थबकतात. मतपत्रिकेच्या क्रमांकासमोर त्यांचा यादीतला क्रमांक लिहिलेला त्यांनी पाहिला आहे. मग मत गुप्त कसं राहिलं? प्रश्न रास्त आहे. ही जुळणीची यादी मतदान संपल्यावर स्वतंत्र सीलबंद होते, न्यायालयाच्या आदेशाशिवाय उघडली जात नाही आणि वर्षभराने नष्ट केली जाते. कुणी दुसऱ्याच्या नावावर मत दिल्याची तक्रार आली, तर शोध घेता यावा म्हणून ती ठेवतात. ते शांतपणे ऐकून घेतात आणि आडोशामागे जातात.

दहा. बसपास हातात घेऊन एक आजी येतात. "बेटी, ये वाला मेयर कौन-सा?"

दिवसभर वेगवेगळ्या तोंडून हाच प्रश्न येणार आहे. बर्मिंगहॅमला लॉर्ड मेयर आहे, गळ्यात साखळी घालून समारंभांना जाणारा. महापालिकेचा कारभार कौन्सिलचा नेता बघतो. हा महापौर तिसराच. बर्मिंगहॅम, कोव्हेंट्री, वुल्व्हरहॅम्प्टन, डडली, सँडवेल, सॉलिहल आणि वॉल्सॉल या सात महापालिकांच्या मिळून जवळपास २९ लाख लोकांचा. हे पद २०१७ साली आलं. ट्रॅम आणि बसचं नियोजन, घरबांधणीचा निधी, प्रौढांचं कौशल्य प्रशिक्षण ही त्याची कामं. पुण्या-मुंबईचा महापौर नगरसेवक निवडतात, तोही अडीच वर्षांसाठी, आणि कारभार आयुक्तांच्या हाती असतो. इथे लोकांच्या थेट मतावर चार वर्षांसाठी माणूस बसतो. मला हे मोलाचं वाटतं, पण ते मतदारापर्यंत पोचलेलं नाही. बर्मिंगहॅम महापालिकेने गेल्या सप्टेंबरात दिवाळखोरीसारखी नोटीस काढली, एप्रिलपासून कर सुमारे दहा टक्क्यांनी वाढला. लोक तो राग घेऊन येतात आणि महापालिकेची निवडणूक आज नाहीच.

आजींना मी एवढंच सांगू शकते की हा सात महापालिकांचा मिळून महापौर आहे. कुणी काय केलं, कुणाला द्यावं, यावर तोंड उघडायचं नाही. फुली कशी करायची ते मात्र नीट सांगायचं. मतपत्रिका दोन आहेत, एक महापौराची, दुसरी निवडून येणाऱ्या पोलीस आयुक्ताची. पोलीस खातंही महापौराकडे द्यायचा सरकारचा निर्णय मार्चमध्ये उच्च न्यायालयाने रद्द केला, म्हणून ही दुसरी कायम राहिली. २०१७ आणि २०२१ मध्ये पहिली आणि दुसरी अशा दोन पसंती देता येत. आता प्रत्येक पत्रिकेवर एकच फुली. जुन्या सवयीने दोन केल्या, तर मत बाद. म्हणून प्रत्येकाला, न कंटाळता, तेच वाक्य.

दुपार संथ जाते. निरीक्षक येऊन नोंदी तपासून जातात. मी टेबलाच्या आडोशाला आळीपाळीने मिळालेल्या वेळात जेवते.

साडेचार ते सात मात्र श्वास घ्यायला फुरसत नाही. शाळेतून मुलांना घेऊन आलेल्या आया, कुत्र्याला फिरवत आलेले आजोबा. एक काका घरातल्यांची टपाली मतं हातात घेऊन येतात. याच निवडणुकीपासून नियम बदलला आहे. स्वतःच्या मताशिवाय इतरांची जास्तीत जास्त पाचच देता येतात आणि अर्ज भरून सही करावी लागते. काका जरा चिडतात. अर्ज न भरता पाकिटं ठेवून गेलात तर ती मोजली जाणार नाहीत, असं सांगितल्यावर खुर्ची ओढून बसतात.

आठ. एक मराठी मुलगी येते, सोबत मित्र. माझ्या बिल्ल्यावरचं आडनाव वाचून ती हसते. भारतीय पासपोर्ट दाखवते आणि तिचं नाव मी घेते तसं इथे बहुधा कुणी घेतलेलं नसावं. मित्र बाजूला उभा.

"ताई, मलाही करता येतं का? मी तर स्टुडंट व्हिसावर आहे."

"येतं. राष्ट्रकुलातल्या देशाचे नागरिक आहोत आपण. पण यादीत नाव हवं. नोंदणीची मुदत १६ एप्रिलला संपली."

"मला कुणी सांगितलंच नाही हो."

"आज घरी गेल्यावर नोंदणी करून टाक. संसदेची निवडणूकही जवळ आली आहे, तिथेही तुला मत आहे."

तो फोनवर लिहून घेतो. आज मात्र त्याच्यासाठी मला काही करता येत नाही.

रात्री दहा. रांगेत कुणी असतं तर त्यालाही मत देता आलं असतं. रांग नाही. दार बंद, पेटीच्या तोंडाला सील. मग हिशेब. आलेल्या मतपत्रिका, दिलेल्या, खराब झाल्यामुळे बदलून दिलेल्या, उरलेल्या. बाई आकडे वाचतात, मी लिहिते, दुसरा सहकारी पुन्हा मोजतो. ताळा बसतो. पाकिटांवर सह्या होतात आणि पेटी बाईंच्या गाडीत चढते.

निकाल शनिवारी संध्याकाळी लागला. मतदान ३० टक्क्यांच्याही आत. मजूर पक्षाचे रिचर्ड पार्कर यांना २,२५,५९० मतं, २०१७ पासून महापौर असलेले हुजूर पक्षाचे अँडी स्ट्रीट यांना २,२४,०८२. सात महापालिकांच्या एवढ्या मोठ्या मुलखात फरक १,५०८ मतांचा. पुढची निवडणूक मे २०२८ मध्ये आहे, आणि मी कामासाठी नाव देणार आहे.