कोळंबी : डॉलरमध्ये उतरलेली, रुपयांत टिकलेली
(बंदरावरचे भाव : लेखांक ६)

भारतातून परदेशी जाणाऱ्या मासळीतून जे डॉलर येतात, त्यातले दर तीनपैकी दोन एकट्या गोठवलेल्या कोळंबीचे असतात. म्हणजे देशाच्या मासळी निर्यातीचा कल पाहायचा तर आधी कोळंबीचाच भाव पाहावा लागतो. आणि हा भाव भल्याभल्यांना चकवतो.

सागरी उत्पादनांची निर्यात पाहणारं सरकारी प्राधिकरण, एम्पेडा, दरवर्षी किती टन माल गेला आणि त्याचे किती पैसे आले हे जाहीर करतं. २०२१-२२ मध्ये ७.२८ लाख टन गोठवलेली कोळंबी गेली आणि सुमारे ५८३ कोटी डॉलर आले. भागाकार केला की किलोला बरोबर ८ डॉलर. पुढच्या वर्षी ७.७१, २०२३-२४ मध्ये ६.८२ आणि २०२४-२५ मध्ये ६.९८. तीन वर्षांत किलोमागे एक डॉलर गेला. ‘कोळंबीचे भाव कोसळले’ अशा बातम्या आल्या त्या याच आकड्यांवरून.

आता हेच आकडे रुपयांत मांडा. २०२१-२२ मध्ये किलोला ५८७ रुपये, मग ६०७, मग ५५९ आणि २०२४-२५ मध्ये ५८४. चार वर्षांच्या दोन टोकांत फरक फक्त तीन रुपयांचा! माल तोच, कंटेनर तेच. मधल्या काळात डॉलर ७४ रुपयांच्या आसपासवरून ८४ च्या घरात गेला आणि डॉलरमधली घसरण रुपयाच्या घसरणीनं झाकली. निर्यातदाराच्या खात्यात जवळपास तेवढेच रुपये जमा होत राहिले. पण तळ्यावरच्या शेतकऱ्याचा खर्च चार वर्षांपूर्वीचा राहिला नाही. खाद्य, वीज, डिझेल, मजुरी सगळं चढलं. रुपयांत टिकलेला भाव त्याच्यासाठी उतरलेलाच भाव आहे. माझ्या मते कोळंबीच्या निर्यातीबद्दल बोलताना ही गोष्ट सर्वांत आधी सांगायला हवी, आणि नेमकी तीच मागे पडते.

सरासरीचा दुसरा चकवा किलोच्या आतच आहे. तळ्यातून जाळं ओढलं की व्यापाऱ्याचा माणूस नमुना काढतो, किलोभर कोळंबी तोलतो आणि नग मोजतो. साठ भरले तर ६० काउंट, शंभर भरले तर १०० काउंट. काउंट जितका मोठा, तितकी कोळंबी लहान आणि भाव कमी. आंध्रात भीमावरम, नेल्लोर भागात शेतकरी ‘आज भाव काय’ असं नुसतं विचारत नाही, ‘शंभर काउंटला काय’ असं विचारतो. रोगाच्या धास्तीनं एखाद्या वर्षी शेतकऱ्यांनी पीक लवकर काढलं, तर लहान मालाचं प्रमाण वाढतं आणि देशाची सरासरी उतरते. प्रत्येक काउंटचा भाव जागेवरच असला तरीही.

पुढे कारखान्यात डोकं काढलं की सुमारे एक तृतीयांश वजन गेलं. साल आणि धागा काढला की आणखी घट. मग गोठवताना बर्फाचा पातळ थर चढवतात, त्याला धंद्यात ग्लेझ म्हणतात. किलोचा भाव ग्लेझसकट की त्याशिवाय, यावरही बरंच अवलंबून असतं. इक्वेडोरनं २०२४ मध्ये १२ लाख टनांच्या आसपास कोळंबी बाहेर पाठवली आणि त्यातला मोठा भाग डोक्यासकट चीनला गेला. अमेरिकी गिऱ्हाइकाला मात्र आपण बहुतेक सोललेला माल देतो. दोन्ही देशांची सरासरी शेजारी ठेवून ‘त्यांचा माल स्वस्त’ म्हणण्यात अर्थ नाही.

तरीही डॉलरमधली घसरण खरी आहे आणि इक्वेडोर हे तिचं मोठं कारण आहे. करोनानंतर अमेरिकी आयातदारांनी गोदामं भरून घेतली, मग महागाईनं तिथल्या गिऱ्हाइकाचा हात आखडला आणि त्याच वेळी इक्वेडोरचं उत्पादन वाढत राहिलं. त्याच्या दहा वर्षं आधी वारं नेमकं उलट होतं. २०१२-१३ मध्ये थायलंडच्या तळ्यांत कोळंबीची पिल्लं रोगानं मरू लागली, जगभर भाव चढले आणि ती जागा भारतानं घेतली. आपल्याकडे व्हॅनामेई या मूळच्या लॅटिन अमेरिकी जातीला २००९ मध्ये परवानगी मिळाली होती, त्यामुळे तयारी होती.

आता कराच्या खात्यांकडे वळू. सोललेली कच्ची, गोठवलेली कोळंबी जकातीच्या वर्गवारीतल्या तिसऱ्या प्रकरणात मोडते. तीच सोलून शिजवली, पिठात घोळवली किंवा डबाबंद केली की सोळाव्या प्रकरणात जाते. अमेरिकेनं २००५ पासून भारतीय कोळंबीवर अँटी-डंपिंग शुल्क लावलं आहे, पण ब्रेडचा चुरा लावलेला आणि डबाबंद माल त्यातून वगळलेला आहे. भारत मात्र आजही मुख्यतः कच्चा माल विकतो. शिजवलेल्या, मसाला लावलेल्या मालाचं किलोमागचं जास्तीचं मोल थायलंड आणि व्हिएतनाम कमावतात. वर्षानुवर्षं हे असंच चालू आहे याची मला खंत वाटते.

आयातीच्या बाजूला खाण्याची कोळंबी फारशी दिसत नाही, कारण तिच्यावर ३० टक्के सीमाशुल्क आहे. आयात होते ती कोळंबी तयार करण्यासाठी लागणाऱ्या वस्तूंची. रोगमुक्त नर-मादी विमानानं येतात आणि चेन्नईजवळ नीलांकरैच्या विलगीकरण केंद्रात थांबतात. २०२४ च्या अर्थसंकल्पात अशा जनक कोळंबीवरचं आणि कोळंबीच्या खाद्यावरचं शुल्क ५ टक्क्यांवर आणलं गेलं. खाद्यात सोयापेंड मोठ्या प्रमाणात लागते, आणि इथे हा धागा थेट मराठवाड्यात येतो. ऑगस्ट २०२१ मध्ये सोयाबीन क्विंटलला दहा हजारांच्या घरात होतं, तेव्हा केंद्रानं १२ लाख टन जनुकीय बदल केलेल्या सोयाबीनच्या पेंडीच्या आयातीला मुभा दिली आणि ती न्हावाशेवा बंदरातही उतरली. मागणी मुख्यतः कोंबडीवाल्यांची होती, पण स्वस्त पेंड कोळंबीवाल्यालाही हवीच होती. लातूरच्या शेतकऱ्याच्या हातातला चढा भाव मात्र गेला.

कोकणातल्या ट्रॉलरच्या कोळंबीचं दुखणं वेगळं आहे. जाळ्यात सापडणाऱ्या कासवांच्या प्रश्नावरून अमेरिकेनं २०१९ पासून भारताच्या समुद्रात पकडलेली कोळंबी घेणं बंद केलं. मिरकरवाडा किंवा ससून डॉकच्या मालाला सर्वांत मोठं गिऱ्हाईक मिळत नाही, ते यामुळे.

मग आलं २०२५. एप्रिलमध्ये अमेरिकी आयातशुल्काची नुसती घोषणा झाली आणि आंध्रात तळ्यावरचे भाव लगेच खाली आले. मुख्यमंत्री चंद्राबाबू नायडूंना केंद्राला पत्र लिहावं लागलं. ऑगस्टच्या अखेरीस भारतीय मालावरचं हे जादा शुल्क ५० टक्क्यांवर गेलं, तेव्हा इक्वेडोरवर ते १५ टक्के होतं. आपल्या निर्यातीचे आकडे बंदरात माल चढवतानाच्या किमतीचे असतात, म्हणून परदेशात भरलेलं शुल्क त्यात दिसत नाही. ते कापलेल्या भावाच्या रूपात मागे सरकत येतं : आयातदाराकडून निर्यातदाराकडे, निर्यातदाराकडून तळ्याकडे. तयार कोळंबीला रोज खाद्य घालावंच लागतं, त्यामुळे भाव सुधारेपर्यंत थांबणं शेतकऱ्याला परवडत नाही. शीतगृह असलेला निर्यातदार थोडाफार थांबू शकतो.

पुढच्या लेखांकात सुरिमी : राणी माशाचा लगदा आणि रत्नागिरीचे कारखाने.