धुणें आणि जंतु मारणें



शिरूर तालुक्यांतील न्हावऱ्यासारख्या गावीं मातीची जमीन शेणानें सारवण्याची चाल जुनी आहे. सारवलेली ओसरी प्रसन्न दिसते, धूळ उडत नाहीं. परंतु ती जंतुरहित झाली असें म्हणतां येणार नाहीं. धनुर्वाताचे जंतु शेणांतहि आढळतात. आणि शहरांतले आपण? फरशीवर उग्र वासाचें फिनेल ओततों व घर शुद्ध झालें असें समजतों! दोन्हीकडे घोटाळा एकच आहे. साफ करणें आणि जंतु मारणें हीं दोन निराळीं कामें आहेत.

साबण चिकट मळ सोडवितो, पाणी तो वाहून नेतें, आणि त्याबरोबर पुष्कळसे जंतुहि मोरीवाटे जातात. ते मरतातच असें नाहीं. उलट जंतुनाशक द्रव्य जंतूंना जागच्याजागीं मारतें, पण मळ हलवीत नाहीं. खरी मेख येथेंच आहे. ब्लीचिंग पावडरींतील क्लोरीन मळाशींच झुंजून खर्ची पडतो व खालचे जंतु सुखरूप राहतात. म्हणून आधीं घांसावें, मग औषध लावावें, आणि डब्यावर सांगितलेला वेळ तें ओलें राहूं द्यावें. एका हातानें शिंपडावें व दुसऱ्या हातानें पुसावें, ही आपली नित्याची घाई. तिच्यांतून वासापलीकडे कांहीं पदरांत पडत नाहीं.

२०२० सालीं कोरोनाच्या भीतीनें रस्तोरस्तीं औषध फवारलें गेलें. त्याच वर्षींच्या मे महिन्यांत जागतिक आरोग्य संघटनेनें बजावलें कीं धूळ व कचरा त्याला निकामी करतात.

शत्रु ओळखल्याविना केलेला माराहि व्यर्थच. १८९७ च्या प्लेगांत पुण्यास रँडसाहेबांच्या अंमलाखालीं गोऱ्या शिपायांनीं घरें झडलीं, भिंती औषधानें धुवविल्या. लोकांचा संताप २२ जूनच्या रात्रीं रँडवरील गोळीपर्यंत पोंचला. पुढच्याच वर्षीं सिमाँ या फ्रेंच डॉक्टरानें कराचीस दाखविलें कीं प्लेग पसरवितात त्या उंदरांवरच्या पिसवा. भिंत धुऊन त्या कशा थांबाव्यात?

घरांत रोज साबणपाणी पुरें. कोणास ओकारी किंवा हगवण लागली म्हणजे मात्र शौचकूप, नळाची चावी, दाराची कडी हीं प्रथम धुऊन मग जंतुनाशकानें पुसावींत. आणि शौचकुपाच्या ॲसिडांत ब्लीचिंग पावडर कधींहि मिसळूं नये. त्यांतून निघणारा क्लोरीन वायु बंद न्हाणीघरांत जीवावर बेततो.