आधी कळस, मग पाया

वडोदऱ्यास सापडलेल्या, इ. स. ८१२-१३ च्या एका ताम्रपटात एलापूरच्या शिवमंदिराचे वर्णन आहे. एलापूर म्हणजे वेरूळ आणि ते मंदिर म्हणजे कैलास, असे विद्वान मानतात. मंदिर पूर्ण झाले तेव्हा खुद्द शिल्पकारच विस्मित झाला. हे आपल्या हातून घडले तरी कसे, असे त्याला वाटले, असे त्यात म्हटले आहे.

हे नवल अकारण नव्हते. राष्ट्रकूट राजा पहिला कृष्ण (इ. स. ७५६-७७३) याच्या काळी कारागिरांनी डोंगरात खोल चर खोदून काळा पाषाण मोकळा केला आणि छिन्नी-हातोड्याने ते माथ्याकडून खाली उतरत गेले. आधी कळस, मग पाया! पाटीवरचे चुकलेले अक्षर पुसता येते; दगडातून उडालेली कपची पुन्हा बसत नाही. म्हणून तळाचे हत्ती खडकात दडलेले असतानाच त्यांच्यासाठी दगड राखून ठेवावा लागला. काय काढावे याहून काय राखावे, हे जाणणे अधिक कठीण.

ताम्रपटाने राजाचे नाव जपले, शिल्पकाराचे नाही. त्याचे नवल मात्र जपले. आणि वाचकहो, कैलासापुढे उभे राहिले की ते आजही आपले होते.