सहकारी संस्थांच्या निवडणुकांना न्यायालयीन आव्हान (महाराष्ट्र)

सहकारी संस्थेच्या व्यवस्थापन समितीची किंवा पदाधिकाऱ्यांची निवडणूक कायदा, नियम अथवा उपविधी यांच्याशी विसंगत पद्धतीने झाल्याचा आक्षेप घेऊन तिची वैधता ठरवून मागण्याच्या कार्यवाहीस निवडणूक विवाद म्हणतात. महाराष्ट्रात अशा विवादांचे नियमन मुख्यतः महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, १९६० अन्वये होते. निवडणूक सुरू असताना ती शक्यतो थांबवू नये आणि आक्षेपांचा निर्णय निकालानंतर व्हावा, हे या क्षेत्रातील प्रस्थापित तत्त्व आहे.

पार्श्वभूमी

सहकारी संस्थेत भागभांडवल कितीही असले तरी सदस्याला एकच मत असते. त्यामुळे मतदार यादीत कोणाचे नाव आहे आणि कोणाचे नाही, या प्रश्नाला निर्णायक महत्त्व येते. साखर कारखाने, जिल्हा मध्यवर्ती बँका व दूध संघ यांचे संचालक मंडळ कर्जवाटप, खरेदीदर आणि नोकरभरती यांसारखे निर्णय घेते. जिल्हा बँक किंवा संघीय संस्थेत गावपातळीवरील संस्था आपल्या प्रतिनिधीमार्फत मतदान करतात. तेथे मतदारांची संख्या मर्यादित असते आणि मोजक्या नावांवरूनही निकाल बदलू शकतो. थकबाकीदार असल्याच्या कारणावरून उमेदवार अपात्र ठरणे, हाही विवादाचा नेहमीचा विषय आहे.

२०१३ मध्ये अधिनियमात झालेल्या दुरुस्तीनुसार मतदार यादी तयार करणे व निवडणूक घेणे यांवरील देखरेख राज्य सहकारी निवडणूक प्राधिकरणाकडे सोपवण्यात आली.

दाद मागण्याचे मार्ग

नामनिर्देशनपत्र फेटाळले गेल्यास कलम १५२-अ अन्वये तीन दिवसांत निबंधकाकडे अपील करता येते व त्याचा निकाल दहा दिवसांत देणे अपेक्षित असते. प्रतिस्पर्ध्याचे नामनिर्देशनपत्र चुकीने स्वीकारले गेले, अशी तक्रार असेल तर मात्र सामान्यतः निकालानंतरच्या विवादाची वाट पाहावी लागते.

समितीच्या निवडणुकीविषयीचा विवाद कलम ९१ अन्वये सहकार न्यायालयात दाखल होतो. तो दाखल करण्यासाठी कलम ९२ मध्ये अल्प मुदत ठरवलेली असून ती निकाल जाहीर झाल्याच्या दिनांकापासून मोजली जाते. पुरेसे कारण दाखवल्यास विलंब माफ होऊ शकतो. सहकार न्यायालयाच्या निर्णयावर महाराष्ट्र राज्य सहकारी अपील न्यायालयात अपील करता येते. अशा विषयांत दिवाणी न्यायालयाची अधिकारिता कलम १६३ ने वगळली आहे.

२०१३ च्या दुरुस्तीपूर्वी साखर कारखान्यांसारख्या ‘विनिर्दिष्ट’ संस्थांसाठी वेगळी व्यवस्था होती. कलम १४४-टी अन्वये अशा संस्थांची निवडणूक याचिका निकालापासून दोन महिन्यांत विभागीय आयुक्तांकडे दाखल करावी लागे. पुढे उल्लेखिलेले २००१ व २००३ चे निर्णय याच व्यवस्थेच्या संदर्भातील आहेत.

उच्च न्यायालयाची भूमिका

एन. पी. पोन्नुस्वामी विरुद्ध निवडणूक निर्णय अधिकारी, नमक्कल (१९५२) हा खटला मद्रास विधानसभेच्या निवडणुकीशी संबंधित होता. नामनिर्देशनपत्र फेटाळल्याविरुद्धची रिट याचिका सर्वोच्च न्यायालयाने ग्राह्य मानली नाही. ‘निवडणूक’ या शब्दात अधिसूचनेपासून निकालापर्यंतची संपूर्ण प्रक्रिया येते, असा अर्थ न्यायालयाने लावला.

हाच विचार सहकारी संस्थांनाही लागू झाला. श्री संत सद्गुरू जनार्दन स्वामी (मोईनगिरी महाराज) सहकारी दुग्ध उत्पादक संस्था विरुद्ध महाराष्ट्र राज्य (२००१) या खटल्यात मतदार यादी तयार करणे हा निवडणूक प्रक्रियेचाच एक टप्पा असल्याचे सर्वोच्च न्यायालयाने म्हटले. यादीतील दोषासाठीही निवडणूक याचिकेचा मार्ग उपलब्ध असल्याने उच्च न्यायालयाने मध्येच हस्तक्षेप करू नये, असा निष्कर्ष काढण्यात आला. अहमदनगर जिल्ह्यातील एका संघाच्या प्रकरणात २००३ मध्ये हीच दिशा कायम राहिली.

येथे एक फरक महत्त्वाचा आहे. संसद व विधिमंडळांच्या निवडणुकांबाबत संविधानाच्या अनुच्छेद ३२९ मध्ये, तर पंचायतींबाबत अनुच्छेद २४३-ओ मध्ये न्यायालयीन हस्तक्षेपास स्पष्ट मनाई आहे. सहकारी संस्थांसाठी अशी तरतूद नाही. त्यामुळे अनुच्छेद २२६ खालील उच्च न्यायालयाचा अधिकार येथे कायम असतो. पर्यायी उपाय उपलब्ध असल्याने न्यायालय तो वापरताना संयम पाळते.

सिद्धतेचा भार

केवळ अनियमितता घडली एवढ्यावरून निवडणूक सहसा रद्द होत नाही. त्या अनियमिततेचा निकालावर प्रत्यक्ष परिणाम झाला, हे आव्हान देणाऱ्याने सिद्ध करावे लागते. समजा, विजयी उमेदवाराला ४० मतांची आघाडी आहे आणि १२ अपात्र व्यक्तींनी मतदान केले आहे. ती सर्व मते वजा केली तरी निकाल बदलत नाही. आघाडी ५ मतांची असती, तर हाच दोष निर्णायक ठरू शकला असता.

विलंबाचा प्रश्न

समितीची मुदत पाच वर्षांची असते. विवाद, अपील आणि त्यानंतरची रिट याचिका यांत यातील बराच काळ जाऊ शकतो व मुदत संपल्यावर मिळालेला निर्णय निरुपयोगी ठरतो. शिवाय, एखाद्या सदस्याच्या निवडीत नंतर दोष आढळला तरी समितीने सद्भावनेने केलेली कृती केवळ त्या कारणाने अवैध ठरत नाही, असे कलम ७७ सांगते. संस्थेचे व्यवहार अडू नयेत, हा या तरतुदीचा हेतू आहे. मात्र यशस्वी अर्जदारालाही मधल्या काळातील निर्णय सहसा उलटवता येत नाहीत. याउलट, प्रत्येक टप्प्यावर स्थगिती मिळू लागली तर निवडणुका लांबतात आणि मुदत संपलेली समिती किंवा प्रशासक यांच्या हाती कारभार राहतो. निकालानंतरच दाद देण्याचे तत्त्व हा दुसरा धोका टाळते. पहिला धोका टळणे विवादाच्या जलद निकालावर अवलंबून राहते.

घटनात्मक संदर्भ

९७ व्या घटनादुरुस्तीने २०१२ मध्ये सहकारी संस्थांविषयी भाग नऊ-ब समाविष्ट केला. किमान निम्म्या राज्यांच्या विधिमंडळांचे अनुसमर्थन न घेतल्याने तो राज्यांतर्गत संस्थांना लागू होणार नाही, असा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने २० जुलै २०२१ रोजी भारत सरकार विरुद्ध राजेंद्र शहा या खटल्यात दिला. बहुराज्य सहकारी संस्थांपुरता हा भाग कायम राहिला. अशा संस्थांचे निवडणूक विवाद बहुराज्य सहकारी संस्था अधिनियम, २००२ च्या कलम ८४ अन्वये लवादाकडे जातात.